गुलाबी फ्लेमिंगो: तुमच्या प्रतिक्रियेला उत्तर

दादा, तुम्ही लिहिलंत की अमेरिकेतल्या अंगणातल्या प्लास्टिकच्या गुलाबी फ्लेमिंगोंवर अख्खा लेख म्हणजे वेळ वाया, ना कला ना अभिरुची, नुसता कचरा. प्लास्टिकचं म्हणाल तर मान्य, पण बाकीचं नाही पटलं, आणि थोडं वाईटही वाटलं म्हणून सविस्तर लिहितेय.

हा पक्षी घडवणारा डॉन फेदरस्टोन रीतसर आर्ट स्कूलला शिकलेला, मॅसॅच्युसेट्समधल्या लेमिन्स्टरला प्लास्टिकच्या फॅक्टरीत लागला. तिथे आधी बदक करायला सांगितलं तर पठ्ठ्याने चक्क जिवंत बदक आणलं आणि त्याच्यावरून घडवलं! फ्लेमिंगो कुठून आणणार, म्हणून नॅशनल जिओग्राफिकमधले फोटो बघून १९५७ साली तो केला. जोडीतला एक मान वर करून उभा, दुसरा मान खाली घालून चरतोय, पाय म्हणजे धातूच्या बारीक सळया, गवतात खुपसल्या की काम झालं. सीअर्स या मोठ्या अमेरिकन दुकानाच्या कॅटलॉगमध्ये जोडी २ डॉलर ७६ सेंटला मिळायची.

आता तो काळ बघा ना. दुसऱ्या महायुद्धानंतर न्यूयॉर्कजवळ लेव्हिटटाउन ही वसाहत झाली, १९४७ ते ५१ मध्ये १७ हजारांवर घरं, सगळी जवळपास एकाच साच्यातली, मग आपलं घर वेगळं दिसावं असं कुणाला वाटलं तर त्यात काय चुकलं? श्रीमंतांच्या बागेत पुतळे आधीपासून होतेच की, त्यांना कुणी कचरा म्हटलं नाही. फेदरस्टोन स्वतः म्हणायचा की प्लास्टिक येण्याआधी वाईट अभिरुची फक्त श्रीमंतांनाच परवडायची. तिकडे लंडनच्या चेल्सी फ्लॉवर शोमध्येही बागेतल्या टोपीवाल्या बुटक्यांच्या पुतळ्यांना (गार्डन नोम) बंदी, २०१३ ला शताब्दीच्या वर्षापुरती ती उठवली. अभिरुची कुणाची चांगली हे ठरवतं कोण, माझा सगळा लेख त्याच्यावरच होता.

आमच्या शेजारच्या आजींकडे अशी जुनी जोडी आहे. नवऱ्याने पहिलं घर घेतलं त्या उन्हाळ्यात आणलेली. उन्हाने पार पांढरट पडलीय, पोटाखाली तेवढा गुलाबी रंग शिल्लक आहे, आजींनी मला उलटी करून दाखवला. बर्फ पडायच्या आधी दोन्ही पक्षी ओल्या फडक्याने पुसून गॅरेजमध्ये ठेवतात, आणि एप्रिलमध्ये परत त्याच दोन जागी लावतात.