आधी राजा ठरवा, मग आडनाव शोधा

आडनावाचा अर्थ शोधायला निघाला आहात, फार चांगलं. फक्त एक पथ्य पाळा: उत्तर आधी ठरवून घ्या. उत्तर न ठरवता या वाटेला गेलेली भली माणसं मी पाहिली आहेत. निघाली राजवाडा शोधायला आणि पोचली एका कारकुनाच्या ओटीवर. परत आली तेव्हा चेहरे असे, की घरच्यांनी दोन दिवस विषयच काढला नाही.

उत्तर म्हणून शक्यतो राजाच घ्यावा. जाधव असाल तर देवगिरीचे यादव तयारच आहेत. शेलारांना शिलाहार, साळुंख्यांना चालुक्य, चव्हाणांना चाहमान आणि मोऱ्यांना थेट मौर्य. यातल्या काही जोड्यांना अभ्यासकांचाही आधार आहे, पण म्हणून अभ्यासकाला घरी बोलावू नका. चहा पिऊन झाला की तो हळूच विचारतो, ‘नाव तिकडून आलं हे मानू, पण तुम्ही तिकडून आलात कशावरून?’ पाटलीपुत्राचे मौर्य संपले इसवी सनापूर्वीच्या दुसऱ्या शतकात, आणि जावळीचे मोरे इतिहासात दिसायला लागतात त्यानंतर सतराएकशे वर्षांनी. एवढी वर्षं घराणं काय करत होतं, असं कुणी विचारलंच तर ‘शेती’ असं खरं उत्तर देऊन मोकळे होऊ नका. ‘अज्ञातवास’ म्हणा. पांडवांनाही तो चुकला नाही.

राजा नाहीच जमला तर पराक्रमी प्राणी चालतो. घोरपडे घराण्यात सांगतात, बहामनी काळात पूर्वजांनी घोरपडीला दोर बांधून किल्ला सर केला. गायकवाडांकडे गाई आणि किल्ल्याचं कवाड यांची गोष्ट आहे. दोन्ही गोष्टी ऐकायला झकास. पण समजा तुमचं आडनाव ढेकणे आहे. ढेकणाला दोर बांधता येत नाही, आणि बांधला तरी तो किल्ला चढत नाही, गादीतच शिरतो. उंदरे, गाढवे, डुकरे यांचीही हीच पंचाईत. कुठल्यातरी पूर्वजाला गावानं चावडीवर बसून काहीतरी नाव ठेवलं, हसणारे मेले, ज्याला हसले तोही मेला, आणि हसू तेवढं शाळेच्या दाखल्यावर उरलं.

अशा वेळी गोव्याकडे पाहून धीर धरावा. पोर्तुगीजांच्या अमलात बाप्तिस्मा घेतलेल्यांना पाद्र्याचं किंवा धर्मपित्याचं आडनाव मिळे. लोबो म्हणजे लांडगा. पिंटो म्हणजे कोंबडीचं पिल्लू. परेरा म्हणजे नासपतीचं झाड. आता लोबो म्हटलं की आपल्याला मांडवीवरचा वारा आणि गिटार आठवते, आणि लांडगे म्हटलं की वर्गातल्या मागच्या बाकावरचं खिदळणं. प्राणी तोच आहे. शेपूटही तेवढंच आहे. तेव्हा ज्यांना आडनाव बदलायचंच आहे त्यांनी राजपत्रात जाहिरात देऊन ‘सूर्यवंशी’ होण्याआधी एकदा पोर्तुगीज शब्दकोश पाहावा. अर्थ न सोडता अब्रू वाचवण्याचा तो सगळ्यात स्वस्त मार्ग आहे.

राजाही नाही, प्राणीही नाही, पण घराण्यात ‘अधिकार’ होता असं आजी सांगायची? मग बसा, हा विषय जरा नाजूक आहे. आडनावाच्या शेवटी ‘नीस’ असेल तर तो फारसीतला ‘नवीस’, म्हणजे लिहिणारा. फर्द, म्हणजे हिशेबाचा कागद, लिहिणारा तो फडणीस, चिठ्ठ्या लिहिणारा चिटणीस, फारसी पत्रव्यवहार सांभाळणारा पारसनीस. देशपांड्यांनी परगण्याचा हिशेब ठेवला, कुलकर्ण्यांनी गावाचा. पोतदारानं नाणं खरं की खोटं ते पारखलं. थोडक्यात, ज्या तेजस्वी परंपरेच्या शोधात तुम्ही दोन कपाटं पुस्तकं आणलीत, तिच्या मुळाशी बैठक घालून बसलेला, कानावर बोरू खोचलेला एक गृहस्थ आहे आणि तो रकाने ओढतो आहे. नाना फडणवीसांचं मूळ आडनाव भानू. फडणिशी ही त्यांच्या घराण्यातली नोकरी. पेशव्यांचं आडनाव भट. नोकरीचं नाव घराच्या नावावर चढून बसलं एवढंच. ही पद्धत आजही चालू असती तर हिंजवडीच्या निम्म्या पाट्यांवर ‘टेस्टिंगनीस’ लिहिलेलं असतं, आणि त्यांच्या नातवांनी छातीठोकपणे सांगितलं असतं की टेस्टिंग नावाचा एक दुर्गम किल्ला होता.

वतनाचा उल्लेख बोलण्यात वारंवार आणावा. कुलकर्णी वतनं १९५० च्या कायद्यानं गेली आणि मुलकी पाटीलकी १९६२ च्या. पण दोन्ही कायद्यांत आडनाव तलाठ्याकडे जमा करण्याची तरतूद नव्हती, ही फट तुमच्या फायद्याची आहे.

इथे एक धोक्याची सूचना. तुम्ही भाषाशुद्धीवाले असाल तर हा शोध आजच थांबवा. १६७४ साली राज्याभिषेकाच्या वेळी शिवाजी महाराजांच्या प्रधानांना संस्कृत पदनामं मिळाली: मुजुमदाराचा अमात्य झाला, डबीराचा सुमंत, वाकनीसाचा मंत्री, सुरनीसाचा सचिव. कारभारातल्या फारसी शब्दांना संस्कृत पर्याय देणारा राज्यव्यवहारकोशही महाराजांनी करवून घेतला. साडेतीनशे वर्षं उलटली. फारसी दरबारातून हलली, दारावरच्या पाटीवरून हलली नाही. आमच्या सोसायटीत एक काका होते. कुणी ‘तारीख’ म्हटलं की लगेच ‘दिनांक म्हणा, दिनांक’ म्हणून थांबवायचे. त्यांचं आडनाव मी सांगत नाही, पण त्याच्या शेवटी ‘दार’ होतं आणि ते काही लाकडाचं नव्हतं. मी एकदा एवढंच म्हटलं की काका, शुद्धी घरापासून सुरू करू या का? त्या वर्षी गणपतीच्या वर्गणीची पावती मला दोनदा आली.

‘कर’वाल्यांना वाटतं आपण सुटलो. गावाचं नाव, त्यापुढे कर, संपलं. निंबळकचे निंबाळकर (मूळचे पवार), होळचे होळकर. दीनानाथांनी मंगेशी गावावरून मंगेशकर लावलं आणि पुढच्या पिढीनं त्या छोट्या गावाचं नाव रेडिओवरून जगभर पोचवलं. सरळ हिशेब आहे. पण जरा थांबून पाहा. गावातल्या माणसाला गावात कुणी गावाच्या नावानं हाक मारत नाही. नाशकात सगळेच नाशिककर. आडनाव म्हणून ते चिकटतं नाशिक सोडल्यावर. म्हणजे प्रत्येक ‘कर’ हा कुणीतरी, कधीतरी बाडबिस्तरा उचलल्याचा दाखला आहे. का उचलला? दुष्काळ असेल, सावकार असेल, भाऊबंदकी असेल, पटकी असेल, वरच्या आळीतल्या लोकांनी पाण्यावर येऊ दिलं नसेल. तुम्ही ‘स्वारीवर गेले होते’ असं सांगा. मोहीम कुठली हे विचारण्याइतका वेळ हल्ली कुणाकडे नसतो.

आता आडनावाचा खरा उपयोग. तो अर्थासाठी नसतोच. नव्या माणसानं आडनाव सांगितलं की आपल्याला दुसरंच काहीतरी कळून घ्यायचं असतं, आणि ते थेट विचारणं असभ्य. म्हणून महाराष्ट्रानं एक प्रश्नमालिका शोधून काढली आहे, ती पाठ असू द्या.

‘आपण?’

‘पाटील.’

‘अरे वा. पाटील म्हणजे... कुठले पाटील?’

‘सांगलीकडचे.’

‘सांगलीकडचे, हो हो. कुलदैवत कुठलं म्हणालात?’

माणूस काहीच म्हणालेला नसतो. पाटील मराठ्यांत आहेत, लिंगायतांत आहेत, जैनांत आहेत, आगऱ्यांत आहेत, कोळ्यांत आहेत, मुसलमानांतही आहेत. जाधव, पवार, गायकवाड, मोरे यांचंही तसंच. एका आडनावाच्या पिशवीत गावातली निम्मी आळी मावते. त्यामुळे विचारणाऱ्याची जी तगमग होते ती बघण्यासारखी असते. तो मग सासुरवाडीवर येतो, मग ‘श्रावण पाळता का’ यावर, आणि शेवटी ‘तुमच्याकडे लग्नात जेवण काय असतं?’ इथवर. ‘कर’ लावलेला भेटला तर आणखी हाल. ज्यांच्या जुन्या आडनावावरून वर्गात वेगळं बसवलं गेलं, त्यांच्यातल्या अनेकांनी गावावरून नवं आडनाव घेतलं. आंबडवे हे रत्नागिरी जिल्ह्यातल्या मंडणगड तालुक्यातलं एक लहानसं गाव. सकपाळांच्या घरातून त्या गावाचं नाव घेऊन आंबेडकर बाहेर पडले आणि देशाची राज्यघटना लिहायला बसले. तेव्हा समोरचा नुसता ‘कर’ सांगून गप्प बसला तर तुम्हाला रात्रभर झोप येणार नाही, याची तयारी ठेवा. तुम्ही अर्थात जात मानत नाही. तुम्हाला फक्त व्युत्पत्तीत रस आहे.

बायकांनी या छंदात पडू नये, वेळ वाया जातो. आडनाव वडिलांचं, ते लग्नात नवऱ्याचं झालं. मधलं नाव वडिलांचं, तेही नवऱ्याचं झालं. पहिलं तेवढं आपलं राहील म्हणावं, तर ताटात तांदूळ पसरून नवरदेवानं अंगठीनं त्यातच दुसरं नाव गिरवलं. तांब्यांची मणिकर्णिका झाशीला जाऊन लक्ष्मीबाई झाली ती अशीच. आता १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या सरकारी कागदांवर नावानंतर आईचं नाव, मग वडिलांचं, मग आडनाव असा क्रम लागला आहे. घरातल्या वडीलधाऱ्यांनी घाबरण्याचं कारण नाही. आडनाव शेवटी आहे आणि ते अजूनही वडिलांकडचंच असतं.

राहिलं बाळाचं नाव. इथे अर्थाला फार महत्त्व. पत्रिकेतल्या चरणाक्षरावरूनच ठेवायचं असेल तर जन्माची वेळ डॉक्टरांशी आधी बोलून घ्या, कारण आर्द्रा नक्षत्राच्या तिसऱ्या चरणाला ‘ङ’ येतं, हस्ताच्या तिसऱ्याला ‘ण’ आणि उत्तराभाद्रपदाच्या चौथ्याला ‘ञ’. ‘ञ’वरून हाक मारून बघा एकदा. अक्षर सोयीचं मिळालं तर पुढचं सोपं: आधी मोबाइलमध्ये ‘युनिक’ शोधा, शेवटी ‘आंश’ येईल असं काहीतरी निवडा. कियांश, रियांश, तियांश. अर्थाची काळजी नको, तो तीनांपैकी एक असतोच: सूर्याचा पहिला किरण, विष्णूचा अंश किंवा ‘सर्वगुणसंपन्न’. शब्दकोशात शोधू नका, त्यात नसतो. त्यालाच युनिक म्हणतात.

आपल्या आज्या-पणज्यांना हे जमलं नाही. एकामागून एक मुलं जात होती, म्हणून पुढच्याचं नाव त्यांनी मुद्दाम वाईट ठेवलं, दगडू, धोंडू, केरू, भिकू. यमाला वाटावं हे उचलण्यासारखं नाही. चौथी मुलगी झाली तर नकुशा. तिचा अर्थ शोधायला कुणालाच पुस्तक लागलं नाही, तिलाही. २०११ साली सातारा जिल्ह्यात अशा अडीचशेहून जास्त मुलींना सरकारी कार्यक्रम करून नवी नावं दिली. जुनी नावं कुणी ठेवली होती, ती माणसं त्याच गावांत होती. त्यांनी टाळ्या वाजवल्या.

एवढं सगळं करूनही वंशावळीची हौस उरलीच तर त्र्यंबकेश्वरला जा. तिथल्या तीर्थोपाध्यायांकडे नामावळीच्या वह्या असतात. गाव सांगितलं की गुरुजी बासन सोडतात, बोट फिरवत फिरवत तुमच्या घरापाशी येतात आणि पानं मागे उलटायला लागतात. आजोबांचं नाव येतं, आडनावासकट. पणजोबांचं येतं, त्यांचं आडनाव जरा निराळं. त्यांच्याही मागे गेलात की आडनाव गळूनच पडतं, उरतं ‘अमुक बिन तमुक’. ‘बिन’ अरबी. यादव, मौर्य, घोरपड कुणीच नाही. केरू बिन धोंडू, राहणार मौजे अमुक.

गुरुजी वही तुमच्यापुढे सरकवतात. दक्षिणा ठेवा आणि पुढची नोंद नीट अक्षरात करा, चिरंजीवाच्या नावासकट. ते वाचून गुरुजी चष्मा वर करतील.

‘कियांश? म्हणजे काय हो?’

मोबाइल काढू नका, आत रेंज येत नाही. तोवर गुरुजींची नजर वरच्या ओळींवर गेलेली असेल. केरूचा अर्थ ते विचारणार नाहीत.