चौदा वर्षं कोण थांबतं?

घाटकोपरच्या पंतनगरचा आमचा कट्टा, पावसाने दडी मारलेली, हातात कटिंग. बंड्याने पेटवलं. "हे डॉक्युमेंट्रीवाले गरिबी विकतात रे. येतात, शूट करतात, बाहेर जाऊन बक्षिसं घेतात. झोपडी आहे तिथेच."

"पटवर्धन पण?" मंग्या. तो बोलणारच, रमाबाई नगरात वाढलेला.

"आनंद पटवर्धन? तोही त्यातलाच."

"मग १९८५ चा 'हमारा शहर' बघ. झोपड्या तोडतायत आणि एक बाई कॅमेऱ्यामागच्या माणसालाच झापतेय, आमचे फोटो काढून तुम्ही काय करणार म्हणून. कापता आलं असतं की. ठेवलं त्याने."

"अरे, शिव्या खाताना दाखवल्या की प्रामाणिकपणाचं सर्टिफिकेट फुकटात!"

बंड्या वकील व्हायला हवा होता. हा मुद्दा मला तरी पटकन खोडता आला नाही.

मंग्याने आवाज चढवला नाही. "त्याच फिल्ममध्ये शाहीर विलास घोगरे गातायत. ११ जुलै ९७ ला आमच्या इथे बाबासाहेबांच्या पुतळ्याला चपलांचा हार घातलेला दिसला. लोक हायवेवर आले, राखीव पोलीस दलाने गोळ्या झाडल्या, दहा माणसं गेली. चार दिवसांनी घोगरेंनी मुलुंडच्या झोपडीत गळफास घेतला. डोक्याला निळं फडकं बांधलेलं. पटवर्धन तेव्हापासून शूट करत राहिला. 'जय भीम कॉम्रेड' पुरी झाली २०११ ला. चौदा वर्षं. बक्षिसासाठी एवढं कोण थांबतं?"

"आणि तीन तासांची फिल्म बघतं कोण?"

"वस्त्यांत पडदे लावून दाखवली. आमची आई सतरंजीवर मांडी घालून बसली ती शेवटपर्यंत. जलसा सुरू झाला की ओठ हलायचे तिचे. सगळी गाणी पाठ."

मी म्हटलं, मला त्यातला वेगळाच भाग टोचला. ६ डिसेंबरला चैत्यभूमीवर येणाऱ्या गर्दीबद्दल सुशिक्षित मंडळी कॅमेऱ्यासमोर बोलतात तो. तसली वाक्यं आमच्याच घरी, जेवताना ऐकलीत मी. शिवी एकही नसते, सूर स्वच्छतेचा असतो. पटवर्धन मध्ये वाद घालत बसत नाही, बोलू देतो. माझ्या मते वस्तीतल्या माणसाचं रडणं दाखवण्यापेक्षा हे अवघड. रडणाऱ्याकडे बघून हळहळायला मला काही लागत नाही, पण तिथे मीच सापडलो.

बंड्या जरा नरमला, पण हार मानेल तर तो बंड्या कसला. "एक सांग. घोगरे गेले नसते तर ही फिल्म झाली असती?"

मंग्याने ग्लास कठड्यावर ठेवला.

"नसती. घोगरे गात राहिले असते. तेच बरं झालं असतं."