‘चंद्रधाग्याची चादर’ : विट्याच्या नावाने फिरणाऱ्या मेसेजबद्दल खुलासा

चांद्रयान-३ ने आणलेल्या मातीपासून विट्याच्या यंत्रमागावर चादर विणली जाते, ती अंधारात चमकते, जळत नाही, सांधेदुखी घालवते, असा मेसेज सध्या सांगली-साताऱ्यात फिरतोय. यातली माहिती खोटी आहे.

चांद्रयान-३ चंद्रावर 23 ऑगस्ट 2023 ला उतरलं, पण परत काहीच आणलेलं नाही. अमेरिकेच्या अपोलोच्या 6 चांद्रमोहिमांनी मिळून आणलेली माती-दगड 382 किलो, चीनच्या दोन मोहिमांची पावणेचार किलोही नाही. ती विक्रीला नाही. शिवाय चंद्रावरची धूळ काचेच्या कचासारखी धारदार असते. अंतराळवीरांच्या पोशाखाचं कापडही तिने झिजवलं.

दगडाचा धागा मात्र खरंच निघतो. आपल्या सह्याद्रीत असतो तसा काळा दगड, म्हणजे बेसाल्ट, साधारण 1,400 ते 1,500 अंशांवर वितळवून बारीक छिद्रांतून ओढतात. तो जळत नाही, पण अंगाला टोचतो. अंथरायला-पांघरायला कामाचा नाही.

चमक बहुधा स्ट्रॉन्शियम ॲल्युमिनेट या रसायनाच्या लेपाची असते. उजेड दाखवला की काही तास हिरवट चमकते, मग मंदावते.

चादर घेतलीच असेल तर काठातले उभे आणि आडवे धागे वेगवेगळे काढा, चिमट्यात धरून स्टीलच्या ताटलीवर पेटवा. कागदासारखा वास आणि मऊ राख आली तर सूत किंवा व्हिस्कोस. वितळून कडक काळा मणी झाला तर पॉलिस्टर. दोन्ही दिसलं तर मिश्रण. सांधेदुखीसाठी डॉक्टरच गाठा.

अशा चादरीसाठी आगाऊ पैसे भरू नका. मेसेज पुढे पाठवला असेल तर त्याच ग्रुपवर हा खुलासा टाका आणि जुना मेसेज काढून टाका.