हजार पौंड पीठ, एक पौंड चहा

चोवीस जुलैला भर दुपारी माझ्या थर्मासची रवानगी शेजारणीच्या गॅरेजात झाली. गवत कापायच्या यंत्राला टेकून, कुत्र्याच्या पाण्याच्या भांड्याशेजारी. थर्मास चांगला आहे, ठाण्याहून मुद्दाम आणलेला, झाकणाचा कप होतो. त्यात चहा होता. आलं-वेलची घातलेला, दुधाचा, चारचौघांत पिता येईल असा चहा. देशी दारू नव्हती.

लेकीकडे युटात आलेय. सॉल्ट लेक सिटीच्या दक्षिणेला, जावई सॉफ्टवेअरमध्ये, शेजार बहुतेक मॉर्मन, म्हणजे चहा वर्ज्य असलेल्या ख्रिस्ती पंथाचा. १८४७ च्या चोवीस जुलैला त्यांचा पुढारी ब्रिगम यंग या खोऱ्यात पोचला, म्हणून दरवर्षी त्या दिवशी राज्यभर सुट्टी, मिरवणुका, फटाके आणि शेजारणीच्या परसात जेवण. "आई, तिकडे चहा मागू नकोस हं," असं लेकीने बजावलं होतं. मी मागितला नाहीच. बरोबर नेला.

शेजारीणबाई पंचाहत्तरीच्या, ताठ, डोक्यावर त्या दिवसापुरती जुन्या काळची झालरीची टोपी. मी झाकण फिरवलं, वास सुटला, आणि बाई लगबगीने आल्या. सोवळ्यातल्या माझ्या आजीने ओवळ्यातलं भांडं जसं उचललं असतं तसा त्यांनी थर्मास दोन बोटांत धरला, हात लांब ठेवून, आणि चालू पडल्या. तोंडभर हसत. मला त्या हसण्याचा जास्त राग आला.

आता या बंदीचं मूळ सांगते, कारण ते वाचल्यापासून मला गप्प बसवत नाही. साल १८३३, ओहायोतलं कर्टलंड. न्यूएल व्हिटनीच्या दुकानावर एक खोली. तिथे जोसेफ स्मिथ नावाचा सत्तावीस वर्षांचा प्रेषित आपल्या शिष्यांची शाळा भरवायचा. शिष्य सगळे बाप्ये. बसल्या बसल्या पाइप ओढायचे, तंबाखू चघळायचे आणि खुशाल जमिनीवर थुंकायचे. ती जमीन घासायची कोणी? जोसेफची बायको एमा हिने. ब्रिगम यंगनेच पुढे सांगून ठेवलंय, की त्या धुराने आणि एमाच्या तक्रारीने जोसेफ विचारात पडला आणि त्याने देवाला विचारलं. २७ फेब्रुवारीला उत्तर आलं. दारू नको. तंबाखू नको, ती माणसाच्या पोटासाठी नाही, मुका मार आणि आजारी गुरं यांच्यासाठी आहे. आणि गरम पेयं नकोत.

पहिल्या दोन कलमांना माझा जाहीर पाठिंबा आहे. एमाच्या जागी मी असते तर देवापर्यंत जाऊ दिलं नसतं, तिथल्या तिथे एकेकाच्या हातात फडकं दिलं असतं. पण गरम पेयं त्यात कुठून घुसली? चहा पिऊन आजवर कोणी भिंतीवर पिचकारी मारलेली नाही.

या मंडळींच्या इतिहासात बायकांच्या वाट्याला हेच येतं म्हणा. मार्टिन हॅरिस म्हणून एक सुखवस्तू शेतकरी होता. जोसेफ सोन्याच्या पत्र्यांवरचा मजकूर सांगायचा, हा लिहून घ्यायचा. १८२८ मध्ये झालेली ११६ पानं हा घरी घेऊन गेला, बायकोला, लुसीला, दाखवायला, कारण तिचा त्या सगळ्यावर काडीचा विश्वास नव्हता. पानं हरवली. ती आजतागायत सापडलेली नाहीत, आणि संशय कोणावर? बायकोवर. पुढे त्या मजकुराच्या, म्हणजे 'बुक ऑफ मॉर्मन' या त्यांच्या धर्मग्रंथाच्या, पाच हजार प्रती छापण्यापायी याच मार्टिनने शेत गहाण टाकलं आणि शेवटी विकलं. त्याबद्दल तो थोर. पानं ठेवली कुठे, हे मात्र लुसीला विचारा.

असो. तर बाई परत आल्या त्या हातात काचेचं भांडं घेऊन. आत किसलेले बटाटे, चीज, वर कॉर्नफ्लेक्सचा चुरा. इथे याला 'फ्युनरल पोटॅटोज' म्हणतात, मयताच्या जेवणाला करतात, आणि सणालाही करतात.

"तुम्ही व्हेजिटेरियन ना? हे पूर्ण व्हेजिटेरियन आहे."

"आत काय काय आहे?"

"बटाटे, चीज, सावर क्रीम आणि क्रीम ऑफ चिकन सूप."

"चिकन?"

"चिकन नाही, डिअर. सूप."

मग हिरवी जेली आली. तिच्यात किसलेलं गाजर. जेलीत जनावरांच्या हाडा-कातड्यांचं जिलेटिन असतं, हे मी तोंडातच ठेवलं. म्हणजे खायला काही नाही आणि प्यायचं ते गॅरेजात. बाई माझ्यासमोर खुर्ची ओढून बसल्या. त्यांच्या हातात सव्वा लिटरचा प्लास्टिकचा पेला, त्यात काळाभोर कोला, त्यात नारळाचं सिरप, वरून साय. मी म्हटलं, विचारावंच.

"चहा का नाही चालत?"

"हॉट ड्रिंक्स."

"मग हिवाळ्यात तुमची नातवंडं हॉट चॉकलेट पितात ते?"

"ते चालतं."

"बरं, मी चहा गार करून प्यायले तर?"

"आइस्ड टी? नाही, नाही. चहा तो चहाच."

"म्हणजे गरमचा प्रश्न नाही. कॅफिनचा आहे."

बाईंनी कोल्याचा मोठा घोट घेतला. "कॅफिनवर बंदी नाही. २०१२ मध्ये चर्चने खुलासाच केलाय."

"मग आल्याचा काढा?"

"आलं चालतं."

"वेलची?"

"चालेल की."

"दूध? साखर?"

"अर्थात!"

"अहो, मग माझ्या थर्मासातलं जवळजवळ सगळंच चालतं."

बाईंनी थोडा विचार केला आणि अतिशय मायेने माझ्या हातावर हात ठेवला. "मग उरलेलं काढून टाका ना, डिअर."

लेक दुरून डोळे वटारत होती. पण मी त्या आठवड्यात वाचून तयार होते, आणि आमचं माहेरचं रक्त वकिलांचं. मी हुकमी पान टाकलं. जोसेफ स्मिथला १८४४ मध्ये इलिनॉयमधल्या कार्थेजच्या तुरुंगात जमावाने गोळ्या घातल्या. त्यानंतर मॉर्मनांचं नॉवू गाव सोडून पश्चिमेला निघायचं ठरलं, तेव्हा १८४५ मध्ये दर कुटुंबाने बरोबर काय घ्यायचं याची यादी छापली गेली. पाच मोठ्या माणसांमागे हजार पौंड पीठ, शंभर पौंड साखर, दालचिनी, लवंगा, डझनभर जायफळं, पाच पौंड कॉफी. आणि एक पौंड चहा. छापील. तुमच्याच पूर्वजांच्या वर्तमानपत्रात.

"तो औषधाला असणार," बाई म्हणाल्या.

"आणि पाच पौंड कॉफी?"

"प्रवास होता हो. प्रवासात चालायचं तेव्हा."

"मग मीसुद्धा प्रवासातच आहे. सहा महिन्यांच्या व्हिसावर."

यावर बाई खळखळून हसल्या. चार जणांना बोलावून तो विनोद पुन्हा सांगितला. थर्मास काही आणला नाही.

तसं पाहिलं तर १८३३ च्या त्या आदेशातच लिहिलंय, की ही सक्ती नव्हे. चहा-कॉफी म्हणजेच गरम पेयं, हे जोसेफच्या भावाने, हायरमने, १८४२ मध्ये फोड करून सांगितलं. देवळाच्या आत जायच्या परवान्यासाठी हे पाळलंच पाहिजे, हे १९२१ पासून. म्हणजे बाईंची खापरपणजी गाडी ओढत आली तेव्हा तिने वाटेत कोणी दिलेला चहा घेतला असता, तर तिचा थर्मास कोणी उचलला नसता.

गाडी ओढत, हे खरंच. १८५६ ते १८६० या काळात सुमारे तीन हजार माणसं हातगाड्या ओढत इथवर आली. बहुतेक इंग्लंडमधली आणि स्कँडिनेव्हियातली गरीब माणसं, ज्यांना बैल परवडत नव्हते. माणशी सामान सतरा पौंड. मी हिशोब केला, पावणेआठ किलो. माझे नुसते डिंकाचे लाडू आणि भाजणी त्याहून जास्त भरली होती. १८५६ च्या दोन तुकड्या उशिरा निघाल्या. लेव्हाय सॅव्हेज नावाचा माणूस सांगत होता, आता निघू नका, माणसं मरतील. निघाले. ऑक्टोबरात वायोमिंगमध्ये बर्फात अडकले, दोनशेहून अधिक मेले. बाईंची खापरपणजी त्यातून वाचलेली. ते सांगताना बाईंचा कोला हातात तसाच राहिला होता, आणि मीही त्यावेळी वाद घातला नाही.

पण पुढचं वाक्य आलं: "आम्ही दुसऱ्या बायकोच्या शाखेतले. पहिलीची शाखा बैलगाडीतून आली. अजून तो तोरा गेलेला नाही त्यांचा." आणि नजरेने त्यांनी परसातल्या पलीकडच्या टेबलाकडे निर्देश केला, तिथे निळ्या शर्टातली थोरली पाती बसली होती. बहुपत्नीत्व १८५२ मध्ये जाहीर झालं, १८९० मध्ये जाहीरनामा काढून बंद झालं, पण थोरली-धाकटीचं चालूच आहे. त्या दुपारी मला संपूर्ण कळलेली गोष्ट ही एकच.

मीही मग आमच्याकडची गोष्ट सांगितली. तुमचा ह्यू फिंडले नावाचा स्कॉटिश प्रचारक १८५२ मध्ये मुंबईत उतरला आणि पुण्यापर्यंत पोचला. मराठ्यांना उद्देशून एक पुस्तिका त्याने १८५५ मध्ये मुंबईत छापली. पुण्यात मूठभरांची शाखा निघाली, तिचं पुढे काही झालं नाही. "का नाही झालं?" बाईंनी अगदी कळवळून विचारलं. आता पुण्याचं यांना काय समजावणार! त्या काळात आमच्या घरांतून चहा नव्हताच, त्यामुळे चहामुळे अडलं असंही म्हणता येईना.

घरी आल्यावर लेक म्हणाली, "आई, जिंकलीस ना? झालं?" झालं कसलं! माझा राग थर्मासवरून लेकीच्या स्वयंपाकघरात शिरलाय. शेजारच्या बायका येणार असल्या की ही चहाचा डबा मिक्सरच्या मागे सरकवते. तिला कोणीही तसं सांगितलेलं नाही. नात परवा मला म्हणाली, "आजी, टी इज नॉट गुड फॉर यू," आणि मोठ्या समजूतदारपणे माझा कप खिडकीशी नेऊन ठेवला. पाच वर्षांची आहे. मिसुरीच्या गव्हर्नरने १८३८ मध्ये मॉर्मनांना एकतर संपवा किंवा राज्याबाहेर हाकला असा लेखी हुकूम काढला होता. तो रद्द व्हायला १९७६ उजाडलं. शेजाऱ्यांनी नकोसं केलं की काय वाटतं, हे यांच्याइतकं कोणाला माहीत असावं? आणि तरी माझ्या लेकीने दीड बीएचके मुंबईत सोडून एवढं मोठं घर घ्यावं, आणि त्यात चहाचा डबा लपवावा.

मयताच्या बटाट्यांचं उरलेलं भांडं बाईंनी जावयासाठी आग्रहाने बरोबर दिलं होतं. त्याने दोन दिवसांत फस्त केलं. आता भांडं रिकामं परत द्यायचं नसतं. त्यात दालचिनी, लवंग, जायफळ, सुंठ आणि वेलची कुटून, डबी भरून द्यायचं ठरवलंय. चहाची पावडर वगळून. सगळं त्यांना चालणारं.

"आई, तिला टोमणा कळेल हं," लेक म्हणते.

कळू दे.