नऊच्या नऊ गाणी चोरीची? मोजून बघू

गेल्या आठवड्यात एकच मजकूर मला तीन मित्रांनी पाठवला. लेड झेपलिन या ब्रिटिश रॉक बँडचा दुसरा अल्बम, १९६९चा 'लेड झेपलिन टू', म्हणजे निव्वळ चोरीचा माल. नऊच्या नऊ गाणी ब्लूज गाणाऱ्या, म्हणजे अमेरिकेतल्या काळ्या लोकांचं संगीत गाणाऱ्या, काळ्या कलाकारांची ढापलेली. कोर्टाने बँडला चोर ठरवलं. यांचं स्वतःचं काय, तर मोठा आवाज, आणि तोही दौऱ्यावर असताना घाईघाईत उरकलेला. सोबत दोन गाण्यांचे वीस-वीस सेकंदांचे तुकडे जोडलेले. ते लागोपाठ ऐकले की कुणालाही पटावं.

आधी मोजणी. 'होल लॉटा लव्ह', 'द लेमन साँग' आणि 'ब्रिंग इट ऑन होम' या तीन गाण्यांत उचलेगिरी आहे आणि ती उघड आहे. 'मोबी डिक'ची सुरुवातीची रिफ, म्हणजे पुन्हा पुन्हा वाजणारी गिटारची छोटी धून, बॉबी पार्करच्या १९६१च्या 'वॉच युअर स्टेप'शी नातं सांगते, पण गाण्याचा जीव आहे तो बँडचा ड्रमवादक जॉन बॉनम याचा ड्रम सोलो. उरली पाच. 'रॅम्बल ऑन'मध्ये टोल्किनच्या कादंबरीतलं मॉर्डोर येतं, ते काही ब्लूजच्या माहेरातलं, मिसिसिपीच्या डेल्टातलं, गाव नव्हे. 'थँक यू' बँडचा गायक रॉबर्ट प्लांटने बायकोसाठी लिहिलं, त्यात जॉन पॉल जोन्सचा हॅमंड ऑर्गन आहे. 'हार्टब्रेकर'मध्ये सगळा बँड थांबतो आणि गिटारवादक जिमी पेज एकटाच गिटार वाजवत सुटतो. या पाचांची मूळ गाणी कोणती, हे त्या मजकुरात कुठेच नाही. नऊच्या नऊ म्हणायचं तर निदान नऊ नावं तरी द्या.

आता कोर्ट. उचलेगिरीच्या त्या तीन गाण्यांपैकी एकावरही निकाल लागलेला नाही. 'द लेमन साँग' हे ब्लूज गायक हाउलिन वुल्फच्या 'किलिंग फ्लोर'वर बेतलेलं. त्याबद्दल आर्क म्युझिक या, गाण्यांचे हक्क सांभाळणाऱ्या कंपनीने १९७२मध्ये दावा लावला, तडजोड झाली आणि वुल्फचं, म्हणजे चेस्टर बर्नेटचं, नाव गाण्याला लागलं. 'होल लॉटा लव्ह'बद्दल ब्लूज गीतकार विली डिक्सनने १९८५मध्ये दावा केला, तोही १९८७मध्ये कोर्टाबाहेर मिटला. तडजोड म्हणजे निर्दोष सुटका नव्हे, हे मला कळतं. पण म्हणून 'कोर्टाने ठरवलं' असंही होत नाही. जाता जाता, ज्या आर्कने झेपलिनला कोर्टात खेचलं, त्याच आर्कविरुद्ध त्याच दशकात डिक्सन आणि ब्लूज गायक मडी वॉटर्सना आपल्या हक्काच्या पैशांसाठी कोर्टात जावं लागलं. त्या मजकुरात खलनायक एकच आहे, तो म्हणजे बँड. ब्लूजवाल्यांना लुबाडणारे त्यांच्या घरातही होते, याचा त्यात पत्ताच नाही.

'स्वतःचं काही नाही' हा आरोप मात्र नीट ऐकून तपासावा असा आहे. डिक्सनचा दावा ज्या गाण्यावरून होता ते मडी वॉटर्सचं १९६२चं 'यू नीड लव्ह' लावा. गिटारवादक अर्ल हुकरने वाद्यसंगीत आधीच ध्वनिमुद्रित केलं होतं. त्यावर डिक्सनने शब्द लिहिले आणि मडीने नंतर गायलं. म्हणजे हे 'मूळ' गाणंच मुळात दोन वेगळ्या वेळी झालेल्या कामांचा जोड आहे. आता 'होल लॉटा लव्ह'. शब्द डिक्सनचे, याबद्दल वाद नाही. पेजने तर पुढे मुलाखतीत त्याचं खापर प्लांटवरच फोडलं, शब्द बदलायचं काम त्याचं होतं म्हणे. पण जिच्यावर गाणं उभं आहे ती गिटारची रिफ मडीच्या गाण्यात शोधून सापडत नाही. मधला भागही तिथे नाही. थेरेमिन या, हात न लावता वाजवायच्या विजेवरच्या वाद्याचे चित्कार डाव्या कानातून उजव्या कानात जातात, बॉनमच्या झांजा टिकटिकत राहतात. पेज आणि ध्वनिमुद्रक एडी क्रेमर यांनी मिक्सिंगच्या वेळी बटणं फिरवत तो भाग रचला. शेवटाकडे हेडफोन लावून ऐका, प्लांटची ओळ येण्याआधी तीच ओळ दुरून, भुतासारखी ऐकू येते. न पुसली गेलेली जुनी आवाजपट्टी मागून झिरपत होती, तेव्हा यांनी तिच्यावर आणखी घुमारा चढवून ती तशीच ठेवली. त्या वीस सेकंदांच्या तुकड्यात यातलं काहीच बसत नाही.

घाईचा मुद्दा एका वाक्यात संपतो. हो, एप्रिल ते ऑगस्ट १९६९ दरम्यान दौऱ्यांच्या मधल्या दिवसांत, लंडनपासून लॉस एंजेलिसपर्यंत मिळेल त्या स्टुडिओत काम झालं. ते उरकलेलं वाटतं का, हे वरचा परिच्छेद वाचून तुम्हीच सांगा.

आता बँडच्या चाहत्यांनी खूश होऊ नये. 'अहो, एकच बंदिश दहा जण गातात, त्यात चोरी कसली,' हा त्यांचा ठरलेला बचाव आहे आणि तो तितकाच कच्चा आहे. ब्लूजमध्ये ओळी एकाकडून दुसऱ्याकडे जातात, हे खरं. 'लेमन साँग'मधली लिंबाची चावट ओळ रॉबर्ट जॉन्सनने १९३७मध्ये गायली होती, आणि तो तरी पहिला कुठे होता? पण बंदिश गाणारा 'रचना माझी' असं रेकॉर्डवर छापत नाही. झेपलिनने छापलं. आणि रॉयल्टी जाते ती छापलेल्या नावांना. 'ब्रिंग इट ऑन होम'चा संथ, हार्मोनिकावाला आरंभ डिक्सनने लिहिलेला आणि सनी बॉय विल्यमसनने गायलेला आहे. पुढे बँड दणक्यात घुसतो तो भाग यांचा. दोन नावं लिहायला लेबलवर जागा नव्हती का?

म्हणूनच मला त्या मजकुराचा राग येतो. खरा आरोप नेमका आहे. तीन गाणी, काही शब्द, काही सुरावटी आणि लेबलवरची गाळलेली नावं. तो फुगवून नऊ गाण्यांवर नेला की कुणीतरी 'रॅम्बल ऑन' वाजवून दाखवतो, सगळे हसतात, आणि डिक्सनचं गाऱ्हाणं त्या हशात वाहून जातं. 'होल लॉटा लव्ह'च्या श्रेयात आज पाच नावं आहेत. त्यातलं पाचवं नाव यायला अठरा वर्षं लागली.