समेट दोघांचा, विसर तिसऱ्याचा

अमेरिकेतल्या यादवी युद्धातली एक मोठी लढाई जिथे झाली, त्या गेटिसबर्गचे १९१३ सालचे काही फोटो आहेत. दगडी बुटक्या भिंतीच्या दोन्ही बाजूंना पांढऱ्या दाढीचे म्हातारे उभे आहेत आणि भिंतीवरून हात पुढे करून एकमेकांचे हात हातात घेताहेत. पन्नास वर्षांपूर्वी याच भिंतीपाशी त्यांच्या दोन फौजांनी, एक उत्तरेची आणि एक अमेरिकेच्या संघराज्यातून फुटलेल्या दक्षिणेतल्या राज्यांची, एकमेकींची माणसं कापून काढली होती. हे फोटो पाहून भल्याभल्यांच्या डोळ्यांत पाणी येतं. मला ते पाहिले की राग येतो. का येतो, ते आज सविस्तर लिहायचं आहे. अमेरिकेतल्या यादवी युद्धाच्या स्मारकांचा विषय निघाला की सगळी चर्चा "पुतळे पाडावेत की ठेवावेत" एवढ्यावरच अडकते, आणि हे स्मारकं उभारणारे नेमके कोणाला वगळत होते हा प्रश्न बाजूलाच राहतो.

आधी त्या मैदानाबद्दल. १ ते ३ जुलै १८६३ या तीन दिवसांत गेटिसबर्गला मेलेले, जखमी झालेले, पकडले गेलेले आणि बेपत्ता झालेले मिळून दोन्हीकडचे सुमारे ५१,००० सैनिक गेले. आज तिथे १,३०० हून अधिक स्मारकं आहेत. त्यातली बरीचशी म्हाताऱ्या झालेल्या सैनिकांनी स्वतः वर्गणी काढून, "आमची तुकडी इथे उभी होती" असं सांगत बसवलेली. त्या दगडांबद्दल माझी काहीही तक्रार नाही. ज्याचा मित्र तिथे मेला, त्याने तिथे दगड बसवला. याहून प्रामाणिक स्मारक दुसरं कुठलं असणार?

दक्षिणेचा सेनापती रॉबर्ट ली याला १८६९ साली अशाच कामासाठी गेटिसबर्गला बोलावणं आलं होतं. त्याने नकार कळवला. युद्धाच्या जखमा उघड्या ठेवू नयेत, ज्या देशांनी आपसातल्या भांडणाच्या खुणा पुसायचा प्रयत्न केला त्यांच्या वाटेने जावं, असं त्याने पत्रात लिहिलं. पुढच्याच वर्षी तो गेला. नंतर त्याचेच पुतळे दक्षिणेत गावोगाव उभे राहिले.

१९१३ च्या त्या मेळाव्याला पन्नास हजारांहून जास्त माजी सैनिक आले होते. ४ जुलैला राष्ट्राध्यक्ष वुड्रो विल्सन बोलले. आपण पुन्हा भाऊ म्हणून एकमेकांना सापडलो, असा भाषणाचा सूर होता. गुलामगिरीबद्दल त्यात काही नव्हतं. आणि त्याच वर्षी विल्सन यांच्या सरकारने वॉशिंग्टनच्या सरकारी कचेऱ्यांत काळ्या कर्मचाऱ्यांना गोऱ्यांपासून वेगळं बसवायला सुरुवात केली होती. मला राग येतो तो इथे. भाऊ भाऊ एक झाले, पण ज्यांच्या गुलामगिरीवरून घर फुटलं होतं त्यांना त्या घरात जागा दिली नाही.

युद्ध गुलामगिरीवरून नव्हतंच, राज्यांच्या हक्कांसाठी होतं, असं सांगणारे आजही भेटतात. त्यांनी मिसिसिपी राज्याने १८६१ साली संघातून फुटताना काढलेलं निवेदन वाचावं. आमची भूमिका गुलामगिरीच्या व्यवस्थेशी पूर्णपणे जोडलेली आहे, असं त्यात सुरुवातीलाच स्वच्छ म्हटलंय. फुटणाऱ्यांनी लपवलं नाही. लपवाछपवी सुरू झाली ती हरल्यानंतर.

दक्षिणेतल्या कोर्टांसमोरचे, चौकांतले पुतळे बहुतेक युद्ध संपल्यावर लगेच आलेले नाहीत. ते आले १८९० ते १९२० च्या सुमारास. 'युनायटेड डॉटर्स ऑफ द कॉन्फेडरसी' ही दक्षिणेच्या सैनिकांच्या घरातल्या बायकांची संघटना १८९४ ची. तिने देणग्या गोळा केल्या, पुतळे बसवले, आणि शाळेच्या पुस्तकांत काय छापायचं यावरही डोळा ठेवला. याच काळात काळ्यांचा मताधिकार कायद्याने काढून घेतला जात होता. लुइझियाना राज्यात १८९६ साली काळ्या मतदारांची नोंदणी सुमारे १,३०,००० होती. त्या राज्याची नवी घटना आली आणि १९०४ पर्यंत ती उरली १,३४२. ज्या कोर्टासमोर पुतळा, त्याच कोर्टात मतदारयादीतून नाव गेलेला माणूस न्याय मागायला जाणार. पुतळा काय सांगत होता हे त्याला कुणी समजावून सांगायची गरज नव्हती.

सगळ्यात उघड पुरावा नॉर्थ कॅरोलायनाच्या विद्यापीठात आहे. २ जून १९१३ रोजी, म्हणजे गेटिसबर्गच्या मेळाव्याच्या बरोबर महिनाभर आधी, चॅपल हिलला एका दक्षिणी सैनिकाच्या पुतळ्याचं अनावरण झालं. ज्युलियन कार नावाच्या उद्योगपतीने भाषण केलं. युद्धावरून परतल्यावर इथून जवळच एका काळ्या बाईला आपण अंगावरच्या कपड्यांच्या चिंध्या होईपर्यंत चाबकाने फोडलं, हे त्याने त्या भाषणात अभिमानाने सांगितलं. समोर प्रतिष्ठित मंडळी बसली होती. तो पुतळा तिथे एकशे पाच वर्षं उभा राहिला. २०१८ च्या ऑगस्टमध्ये आंदोलकांनी दोर लावून पाडला, तेव्हा "इतिहास पुसला" म्हणून ओरड झाली. त्या अनावरणाचं भाषण चौथऱ्यावर कोरलं असतं तर इतिहास टिकवायचा होता हे मी मान्य केलं असतं.

कोणाला पुतळा मिळाला नाही, तेही बघा. जेम्स लाँगस्ट्रीट हा गेटिसबर्गला लीचा उजवा हात. पण युद्धानंतर तो रिपब्लिकन, म्हणजे लिंकनच्या पक्षाचा, झाला, काळ्यांच्या मताधिकाराच्या बाजूने उभा राहिला, आणि १८७४ साली न्यू ऑर्लिन्समध्ये गोऱ्यांच्या सशस्त्र टोळीविरुद्ध काळ्या शिपायांचं नेतृत्व केलं. झालं, त्याच्या जुन्या साथीदारांनी गेटिसबर्गच्या पराभवाचं खापर त्याच्याच डोक्यावर फोडलं. गेटिसबर्गला त्याचा पुतळा लागला १९९८ साली, लढाईनंतर १३५ वर्षांनी. तोही जमिनीवरच, चौथऱ्याशिवाय. दक्षिणेसाठी लढलेल्यांचा सन्मान एवढाच हेतू असता तर लाँगस्ट्रीट राहिला नसता.

आता साउथ कॅरोलायना राज्यातल्या चार्ल्स्टनचं सांगतो, कारण मला सगळ्यात जास्त तेच सांगायचं आहे. शहरातल्या घोड्यांच्या शर्यतीच्या मैदानावर दक्षिणेच्या फौजेने उत्तरेच्या कैद्यांना उघड्यावर कोंडलं होतं. किमान २५७ जण रोगाने आणि हालअपेष्टांनी मेले, घाईघाईने मातीआड केले गेले. दक्षिणेची फौज शहर सोडून गेल्यावर तिथल्या काळ्या मजुरांनी, म्हणजे काल-परवापर्यंत गुलाम असलेल्या माणसांनी, एकेक देह बाहेर काढला आणि नीट ओळीत पुरला. भोवती कुंपण घातलं, त्याला चुना दिला. दारावर कमान बांधली आणि तिच्यावर लिहिलं, 'रेसकोर्सचे हुतात्मे'. १ मे १८६५ ला तिथे सुमारे दहा हजार माणसं जमली. बहुतेक सगळी नुकतीच मोकळी झालेली. पुढे शाळेची मुलं, हातात फुलं, तोंडी गाणी. युद्ध संपून महिनाही झाला नव्हता.

या युद्धाचं हे अगदी पहिल्या स्मारकांपैकी एक. ते आज नाही. देह नंतर दुसऱ्या शहरातल्या राष्ट्रीय दफनभूमीत नेले, कुंपण आणि कमान गेली. त्या जागेवर बाग झाली आणि तिला नाव दिलं वेड हॅम्प्टनचं. कोण हा? दक्षिणेच्या फौजेचा सेनापती आणि त्या राज्यातल्या सर्वांत मोठ्या गुलाममालकांपैकी एक. हा सगळा प्रसंग शंभर वर्षांहून जास्त काळ जवळपास विसरला गेला होता. आता तिथे एक फलक आहे. बागेचं नाव तेच आहे.

उत्तरेचं वागणंही काही फार वेगळं नव्हतं. बोस्टनला गोरा कर्नल शॉ आणि त्याच्या हाताखालच्या काळ्या सैनिकांच्या ५४ व्या मॅसॅच्युसेट्स पलटणीचं ब्राँझचं शिल्प आहे, १८९७ सालचं. सेंट-गॉडन्स या शिल्पकाराने त्यावर जवळपास चौदा वर्षं घालवली. समोर उभं राहून पाहा. घोड्यावर शॉ, आणि त्याच्या बाजूने, घोड्याच्या पायांमागून चालणारे काळे सैनिक. कुणाला दाढी, कुणी अगदी कोवळा पोरगा, पाठीवर गुंडाळलेली पथारी. एकाचा चेहरा दुसऱ्यासारखा नाही, कारण खऱ्या माणसांना समोर बसवून ते घडवलेत. इतक्या मायेने केलेलं काम क्वचित दिसतं. आणि तरीही मूळ शिल्पावर पलटणीतल्या मेलेल्यांपैकी नावं कोरली ती फक्त गोऱ्या अधिकाऱ्यांची. फोर्ट वॅग्नर या दक्षिणेच्या किल्ल्यावरच्या हल्ल्यात पडलेल्या काळ्या सैनिकांची नावं मागच्या बाजूला आली ती थेट १९८० च्या दशकात. दक्षिणेने शॉला अपमान म्हणून त्याच्या काळ्या शिपायांबरोबर एकाच खड्ड्यात पुरलं होतं. देह परत आणू नका, याहून पवित्र जागा नाही, असं त्याच्या वडिलांनी सांगितलं. १८६३ साली एका बापाला जे कळलं, ते स्मारक समितीला कळलं नाही.

काळे सैनिक थोडेथोडके नव्हते. वॉशिंग्टनमधल्या त्यांच्या स्मारकावर २,०९,१४५ नावं आहेत. ते स्मारकही १९९८ चं.

मग काय करावं? रणांगणावरच्या खुणा राहू द्याव्यात, दोन्ही बाजूंच्या. तिथे त्या काहीतरी शिकवतात. कोर्टासमोरचे, विधानसभेसमोरचे पुतळे मात्र हलवावेत, आणि हलवून कोठीत कोंडण्यापेक्षा दक्षिणेची युद्धकाळातली राजधानी असलेल्या रिचमंडसारखं करावं. तिथे २०२० साली लोकांनी पाडलेला, युद्धकाळातला दक्षिणेचा राष्ट्राध्यक्ष जेफरसन डेव्हिस याचा पुतळा एका संग्रहालयात तसाच आडवा, अंगावरच्या रंगासकट ठेवला. कधी बसवला, कोणी बसवला, का पाडला, सगळं एका जागी समजतं.

वॉशिंग्टनजवळच्या अर्लिंग्टन राष्ट्रीय दफनभूमीत स्मारक परत बसवण्याच्या मात्र मी मनापासून विरोधात आहे. तिथलं दक्षिणेचं स्मारक १९१४ चं, 'समेटा'चं म्हणून मिरवलेलं. त्यावर एक काळी दाई गोऱ्या अधिकाऱ्याचं मूल हातात घेते आहे आणि एक गुलाम मालकामागे युद्धाला निघाला आहे, जणू स्वखुशीने. २०२३ च्या डिसेंबरमध्ये ते काढलं. २०२५ मध्ये ते परत बसवणार असल्याची घोषणा झाली. याच दफनभूमीत सेक्शन २७ आहे. तिथे ३,८०० च्या आसपास पूर्वीचे गुलाम पुरलेत, त्यांच्या दगडांवर नावाखाली 'नागरिक' असं कोरलं आहे. ज्यांना त्या काळात कोणी नागरिक मानत नव्हतं, त्यांच्या दगडावर हा शब्द आहे. ही माणसं तिथे असताना, त्याच आवारात खुशीने मालकामागे चालणारा गुलाम ब्राँझमध्ये पुन्हा उभा करणं म्हणजे त्यांच्या तोंडावर खोटं बोलणं आहे. ते स्मारक परत येऊ नये, आणि अर्लिंग्टनला जाणाऱ्या प्रत्येकाला आधी सेक्शन २७ दाखवावा, असं माझं स्पष्ट मत आहे.