अपघात झाला तर ‘घरी पडलो’ सांगू नका

गणपतीला गावी निघालेल्या चाकरमान्यांच्या फोनवर दरवर्षी एक सल्ला फिरतो. मुंबई-गोवा महामार्गावर गाडी ठोकली, हाड मोडलं, तर दवाखान्यात अपघाताचं नाव काढू नका, ‘घरी पडलो’ म्हणा. कारणं अशी दिलेली असतात: अपघाताचा कोड पडला की मेडिक्लेम नाकारतात, पोलिसांचं झेंगट मागे लागतं, कोड ही बिलवाल्यांची भानगड, पेशंटला त्याने फरक पडत नाही, आणि जमलंच तर ‘मोठा’ कोड टाकून घ्या, पैसे जास्त मिळतात. मी मेडिकल कोडिंगचं काम करते, म्हणजे दवाखान्याच्या कागदांवरून आजार-दुखापतींना ठरलेले कोड देते, माझं गाव संगमेश्वर तालुक्यात आहे, आणि आमच्या वाडीच्या ग्रुपवर चांगली शिकलेली माणसं हा सल्ला पुढे पाठवतात. तो चुकीचा आहे. त्यात नुकसान होतं ते जखमी माणसाचंच.

आधी कोड म्हणजे काय ते सांगते. जागतिक आरोग्य संघटनेच्या आयसीडी-१० या वर्गीकरणात, जे १९९० साली मंजूर झालं, दुखापतीला दोन वेगळे कोड लागतात. शरीराला काय झालं याचा एक, आणि ते कसं झालं याचा दुसरा. नडगीचं हाड मधोमध मोडलं तर एस ८२.२. ते रस्त्यावर मोडलं की न्हाणीघरात, हा कोड तोच राहतो. बदलतो तो दुसरा. दुचाकीवर मागे बसलेल्या बाईंना रस्त्यात कारने उडवलं तर व्ही २३.५. त्याच बाई ‘पाय घसरून पडल्या’ असं लिहिलं तर डब्ल्यू ०१. दुचाकी लाल चिखलावरून आपली आपण घसरली तर व्ही २८, गडग्यावर, म्हणजे दगडी कुंपणावर, आदळली तर व्ही २७, गुरं आडवी आली तर व्ही २०. सिक्स सीटरमधल्या माणसांना व्ही ३० ते ३९, कारमधल्यांना ४० ते ४९, एसटीतल्यांना ७० ते ७९. गाडी कोण चालवत होतं आणि कोण नुसतं बसलं होतं, हे शेवटचा आकडा सांगतो. आणि हे सगळं ठरतं डॉक्टरांनी केस पेपरवर लिहिलेल्या एखाद्या ओळीवरून. कोडर पेशंटला बघत नाही, तो लिहिलेलं वाचतो.

आता मेडिक्लेम. नव्या पॉलिसीत पहिले ३० दिवस आजाराचा खर्च मिळत नाही, पण अपघाताला ही अट लागू नाही, तसं नियमातच आहे. म्हणजे अपघात हे क्लेम नाकारायचं कारण नाही. दारू पिऊन गाडी चालवली असेल तर क्लेम अडू शकतो, तिथेही अडतो तो दारूमुळे. खरा धोका खोट्या ओळीत आहे. सीटबेल्ट लावलेल्या ड्रायव्हरच्या उजव्या खांद्यावरून छातीवर तिरका काळानिळा पट्टा उमटतो, पुढे डावीकडे बसलेल्याच्या डाव्या खांद्यावरून. असा पट्टा घराच्या पायरीवरून पडून कुणाला होत नाही. डॉक्टर तो तपासणीत लिहितात, नर्सच्या नोंदीत येतो, आणि विमा कंपनीचा माणूस फाइल उघडतो तेव्हा वरची ओळ आणि खालचा पट्टा जुळत नाही. माहिती खोटी दिली म्हणून क्लेम नाकारायला एवढं पुरतं.

त्याहून मोठी रक्कम पुढे हातची जाते. समोरच्या गाडीच्या थर्ड पार्टी विम्यातून भरपाई हवी तर मोटार अपघात दावा न्यायाधिकरणात जावं लागतं, आणि तिथे समोरचा वकील पहिला कागद मागतो तो दवाखान्याचा. त्यावर ‘घरी पडले’ असेल तर पुढे काय सांगणार? गाडीमालक स्वतः चालवत असेल तर त्याचा १५ लाखांचा वैयक्तिक अपघात विमा असतो. ठोकून गाडी पळून गेली तर गंभीर जखमीला ५० हजार आणि मृताच्या घरच्यांना २ लाख मिळतात. हाड मोडणं कायद्याने गंभीर दुखापतीतच येतं. २०२५ पासून नेमलेल्या रुग्णालयांत अपघातग्रस्ताला पहिल्या ७ दिवसांत दीड लाखापर्यंत कॅशलेस उपचारांची केंद्राची योजना आहे. यातली प्रत्येक गोष्ट ‘रस्त्यावरचा अपघात’ या नोंदीवर उभी आहे.

पोलिसांची भीती मला समजते. पण एमएलसी, म्हणजे केस पेपरवरची ‘मेडिको-लीगल केस’ ही नोंद, पेशंटवर गुन्हा नव्हे, डॉक्टरांनी पोलिसांना दिलेली खबर आहे. उपचार आधी, कागद नंतर, हे सर्वोच्च न्यायालयाने १९८९ मध्येच सांगितलं. जखमीला उचलून आणणाऱ्याला मोटार वाहन कायद्याच्या कलम १३४-अ चं संरक्षण आहे, त्याच्यावर नाव सांगायचीही सक्ती नाही.

‘पेशंटला फरक पडत नाही’ या वाक्याचा मला सगळ्यात जास्त राग येतो. घरी पडलेला माणूस आला की डॉक्टर मनगट, खुबा, डोकं बघतात. वेगातली कार ठोकल्याचं कळलं की तेच डॉक्टर मान हलवू देत नाहीत, छाती बघतात, पोटाची सोनोग्राफी करायला लावतात. पोटातली प्लीहा (स्प्लीन) फाटली तरी सुरुवातीला माणूस बोलतो, चहा मागतो, आणि रक्त आत साचत राहतं. तालुक्याच्या ठिकाणाहून मोठ्या रुग्णालयात न्यायला घाटातून वेळ लागतो. तो वेळ चुकीच्या एका ओळीने निघून जातो. मानेची लचक, एस १३.४, बऱ्याचदा दुसऱ्या दिवशी दुखायला लागते. आदल्या दिवशी अपघात लिहिलेला असेल तर दुखणं त्याच्याशी जोडता येतं.

‘मोठ्या’ कोडचं थोडक्यात: आपल्याकडे मेडिक्लेम बिलावर आणि विमा रकमेवर चालतो, सरकारी योजना ठरलेल्या पॅकेजवर, ‘मोठ्या’ कोडवर नाही. जखम नसताना तिचा कोड टाकणं ही फसवणूक आहे.

कुणी आधीच ‘घरी पडलो’ सांगून बसलं असेल तर आजच डॉक्टरांना खरं सांगा. आधीची ओळ खोडता येत नाही, खोडूही देऊ नका. तिच्याखाली तारीख, वेळ आणि सही घालून डॉक्टर नवी नोंद करू शकतात: कुठल्या गाडीत होतात, चालवत होतात की बसला होतात, कशाची धडक बसली. डिस्चार्ज कार्ड हातात पडायच्या आत ती नोंद त्यावर आली आहे का, ते वाचून घ्या.